वाऱ्याला हुकूम देणारी भाषा कशी रचायची: श्वासापासून पानापर्यंत

कथेसाठी किंवा खेळासाठी वाऱ्यावर चालणारी काल्पनिक भाषा रचायला बसलेले बहुतेकजण सुरुवातच शब्दकोशाने करतात. वारा म्हणजे अमुक, वादळ म्हणजे तमुक, थांब म्हणजे आणखी काही. पन्नास-साठ शब्द जमले की भाषा झाली असं वाटतं. प्रत्यक्षात तो मराठीवर चढवलेला मुखवटा असतो. नायिका एक विचित्र शब्द उच्चारते आणि वारा सुटतो. त्या जागी दुसरा कुठलाही विचित्र शब्द टाकला असता तरी तेच घडलं असतं. ध्वनीने वारा हलतो म्हणायचं आणि ध्वनीचं स्वतःचं काही काम ठेवायचं नाही, ही यातली मुळातली चूक.

म्हणून क्रम उलटा धरा. आधी श्वास, मग ध्वनी, मग हुकुमाची चौकट, मग चुका, आणि शब्द जवळजवळ शेवटी. खाली उदाहरणासाठी ‘तेलूम’ नावाची भाषा टप्प्याटप्प्याने रचली आहे. तुमचे ध्वनी वेगळे असतील, क्रम मात्र हाच ठेवा.

## पूर्वतयारी

जवळ ठेवायच्या वस्तू थोड्याच आहेत. पतंगाच्या कागदाची 2 सेंमी रुंद आणि 15 सेंमी लांब पट्टी, हातात मावेल एवढा आरसा, आवाज रेकॉर्ड करायला मोबाइल आणि एक वही. वहीत तीन रकाने आखा: ध्वनी, तोंडातली हवा काय करते, बाहेरचा वारा काय करतो. शिवाय तुमची कथा न वाचलेला एक माणूस हवा. त्याची गरज शेवटी पडेल.

लिहायला लागण्यापूर्वी तीन प्रश्नांची उत्तरं वहीच्या पहिल्या पानावर हवीत.

वारा कधी ऐकतो? अक्षरागणिक, की वाक्य पुरं झाल्यावर? तेलूममध्ये अक्षरागणिक.

कोणाचं ऐकतो? आवाजाचं, की बोलणाऱ्याचं? आवाजाचं म्हटलंत तर पोपट, मैना आणि डोंगरातला प्रतिध्वनीही हुकूम देऊ शकतात. तेलूममध्ये आवाजाचं.

कुठवर ऐकतो? तेलूममध्ये आवाज ऐकू जाईल तिथवर.

सावध: ही उत्तरं मध्येच बदलू नका. तिसऱ्या प्रकरणात सोयीसाठी बदललेला नियम पहिल्या प्रकरणातल्या प्रसंगांना भोकं पाडतो.

## टप्पा 1: तोंडातली हवा काय करते ते नोंदवा

पट्टी ओठांपासून 5 सेंमीवर धरा. ‘प’ म्हणा, मग ‘फ’ म्हणा. फ दोन्ही ओठ मिटून, फणसातला. वरचे दात खालच्या ओठावर टेकवून नव्हे. ‘प’ला पट्टी जेमतेम थरथरते, ‘फ’ला उडते. असंच त-थ आणि क-ख. अल्पप्राण आणि महाप्राण हा भेद शाळेत पाठ केलेला असतो; इथे तो डोळ्यांनी दिसतो.

आता आरसा नाकपुड्यांखाली धरा. ‘म्’, ‘न्’, ‘ङ्’ लांबवले की आरशावर वाफ धरते, ‘ल्’ लांबवला की धरत नाही. अनुनासिकात तोंडाची वाट बंद असते आणि हवा नाकावाटे जाते.

तळहात तोंडासमोर 10 सेंमीवर धरून ‘हाऽ’ म्हणा. ऊब लागेल. ओठांचा चंबू करून ‘फूऽ’ करा, तळहाताला गार लागेल. श्वास तोच असतो. अरुंद झोत आजूबाजूची हवा ओढून घेतो म्हणून गार लागतो. गरम आणि थंड वाऱ्यासाठी वेगळे मंत्र शोधायची गरज नाही, तोंडाने ते आधीच ठरवून दिलंय.

‘र’ला जीभ फडफडते. ‘ल’ला हवा जिभेच्या दोन्ही कडांनी वाट काढते. ‘स’ला बारीक फटीतून सलग धार निघते. आणि हळहळताना आपण जो ‘च्च’ करतो तो या सगळ्यांहून निराळा आहे: त्याला फुप्फुसातली हवा लागतच नाही. तो करून बघा आणि त्याच वेळी नाकाने श्वास घेत राहा. जमतं.

तपासा: वहीत निदान 15 ध्वनींपुढे दुसरा रकाना भरलाय का? तिसरा अजून कोरा ठेवा.

## टप्पा 2: ध्वनी निवडा

आता तिसरा रकाना. तोंडात जे घडतं त्याचंच मोठं रूप बाहेर घडलं पाहिजे, एवढा एकच नियम. तेलूममध्ये वाऱ्याच्या जाती अशा ठरल्या:

- सा: सलग, एकसारखा वारा
- हा: रुंद, उबदार वारा
- फू: अरुंद, गार झोत
- रा: फिरणारा वारा, वावटळ
- ला: अडथळ्याच्या दोन्ही बाजूंनी फुटून जाणारा वारा
- म् (गुणगुणणं): चालू वारा आहे तसा राखणं
- च्च: तोडणं

थांबवायला ‘च्च’ का, तर तो श्वास खर्चत नाही. दम संपलेल्या माणसालाही वारा थांबवता आला पाहिजे. थांबवायचा ध्वनी महाप्राण ठेवण्याची चूक फार वेळा दिसते. तिथे बोलणारा धापा टाकत असेल तर वारा थांबायच्या ऐवजी वाढेल.

जाती पाच ते सात पुरेत. मराठीतले सगळे व्यंजन भरण्याचा मोह टाळा, कारण भाषेचा चेहरा तिच्यात काय नाही यावरूनही बनतो.

सावध: मोठा आवाज म्हणजे मोठा वारा असं ठरवू नका. मग ज्याचा घसा मोठा तोच जाणता ठरतो आणि कुजबुजीचे प्रसंग वाया जातात. वास्तविक कुजबुजताना स्वरतंतू पूर्ण मिटत नाहीत, त्यामुळे बोलण्यापेक्षा जास्त हवा बाहेर पडते. घसा बसलेला माणूस लवकर दमतो त्याचं हेही एक कारण. तुमच्या भाषेत कुजबुजणं जास्त धोक्याचं ठेवलंत तर ते शरीराला धरून होईल.

## टप्पा 3: रोजचं बोलणं आधी सुरक्षित करा

हा टप्पा जवळजवळ सगळे गाळतात, आणि भाषा इथेच कोसळते. या भाषेत लोक मीठ कसं मागतात? भांडतात कसे? हसतात कसे? हसणं म्हणजे ‘हा हा हा’. म्हणजे प्रत्येक लग्नघरात मांडव उडायला हवा.

उपाय असा की एक उघडणारा ध्वनी ठरवायचा, आणि तो आल्याशिवाय वारा काहीच ऐकत नाही. तो ध्वनी सहज बोलताना तोंडातून निघता कामा नये. तेलूममध्ये तो ‘ङा’ आहे. ङने सुरू होणारा शब्द मराठीत नाही, त्यामुळे आपल्या वाचकालाही तो परका आणि जपून उच्चारायचा वाटतो. शिकायचा तर ‘अंग’ म्हणा, ‘ग’ सुटण्याआधी जीभ तिथेच धरा, मग सुरुवातीचा ‘अ’ काढून टाका आणि ‘आ’ जोडा.

एवढ्यावर काम संपत नाही. ‘अंक’, ‘रंग’, ‘पंख’ यांतला अनुस्वार उच्चारात ङ्च असतो. थकलेली जीभ ‘रंगा’चा ‘रङा’ सहज करते, आणि तिथे चुकून दार उघडतं. म्हणून तेलूमच्या रोजच्या बोलीत अनुस्वारानंतर क-वर्गाचं अक्षर कधीच येत नाही. गावांच्या, माणसांच्या, देवांच्या नावांतही नाही. भाषेच्या स्वतःच्या नावातही नाही.

तपासा: रोजच्या बोलीतले दहा शब्द घाईत, हसत, जांभई देत रेकॉर्ड करा आणि ऐका. एकदाही उघडणारा ध्वनी ऐकू आला तर शब्द बदला, नियम बदलू नका.

## टप्पा 4: हुकुमाची चौकट, आणि तिचा क्रम

मराठीत क्रियापद शेवटी येतं, नकारही शेवटी: ‘तिकडे जाऊ नको’. वारा अक्षरागणिक ऐकत असेल तर हा क्रम घातक आहे. ‘नको’ येईपर्यंत वारा निघून गेलेला असतो. मराठी वाक्याचा साचा जसाच्या तसा उचलला की नेमकं हेच होतं.

तेलूमची चौकट पाच भागांची आहे आणि भाग मागेपुढे होत नाहीत.

1. उघडणं: ङा.
2. रोख: प म्हणजे समोर, क म्हणजे पाठीमागे, त डावीकडे, ट उजवीकडे. ओठ पुढे असतात आणि कंठ मागे, त्यामुळे प आणि क लक्षात ठेवावे लागत नाहीत. चारही अल्पप्राण आहेत, कारण नेम धरताना हवा सुटू नये. जोडलेला स्वर उंची सांगतो: आ जमिनीलगत, ए माणसाच्या डोक्याएवढा, ई झाडांच्या शेंड्यांवर. आ म्हणताना जीभ खाली असते, ई म्हणताना वर.
3. जात आणि जोर: सा, हा, फू वगैरे, अक्षर जितक्या वेळा, तितक्या पायऱ्या.
4. राखणं: म्ऽऽऽ, गुणगुणणं चालू असेतोवर.
5. तोडणं: च्च.

म्हणजे ‘ङा पा सासासा म्ऽऽऽ च्च’: समोर, जमिनीलगत, सलग वारा, तीन पायऱ्या, गुणगुणेपर्यंत, बंद.

रोख जोराच्या आधी यायलाच हवा. उलट केलंत तर ‘सासासा’ उच्चारताच वारा चहूकडे सुटतो आणि मग त्याला दिशा देत बसावं लागतं.

सावध: दिशा ‘कुठून’ची की ‘कुठे’ची हे ठरवून लिहून ठेवा. आपण ‘नैर्ऋत्य मोसमी वारे’ म्हणतो ते नैर्ऋत्येकडून येणारे. पश्चिमेचा वारा पूर्वेला जातो. तेलूममधला रोख मात्र वारा कुठे जायचा ते सांगतो. कथेतला नावाडी पहिल्या पद्धतीने बोलत असेल आणि हुकूम देणारी दुसऱ्या, तर गोंधळ होणार. तो मुद्दाम घडवायचा असेल तर उत्तमच, नकळत नको.

## टप्पा 5: जोर मोजा, किंमत ठरवा

‘जोराचा वारा’ हे माप नव्हे. वाऱ्यासाठी ब्यूफोर्टची 0 ते 12 पायऱ्यांची मोजपट्टी आहेच, ती वापरा. तिचा फायदा असा की प्रत्येक पायरीला डोळ्यांना दिसणारी खूण आहे.

- 0: ताशी 1 किमीहून कमी. धूर सरळ वर जातो.
- 2: 6 ते 11 किमी. चेहऱ्याला वारा लागतो, पानं सळसळतात.
- 3: 12 ते 19 किमी. पानं आणि बारीक डहाळ्या सतत हलतात.
- 4: 20 ते 28 किमी. धूळ आणि कागदाचे कपटे उडतात.
- 6: 39 ते 49 किमी. मोठ्या फांद्या हलतात, छत्री सावरत नाही.
- 8: 62 ते 74 किमी. डहाळ्या मोडतात, वाऱ्याविरुद्ध चालणं कठीण.
- 10: 89 ते 102 किमी. झाडं उन्मळतात.
- 12: 118 किमी आणि पुढे.

तेलूमचं प्रत्येक अक्षर आत्ताच्या वाऱ्यात एक पायरी वाढवतं. ‘आत्ताच्या’ हा शब्द महत्त्वाचा. शांत हवेत ‘सासासा’ म्हणजे तिसरी पायरी, सुपाने धान्य उफणायला बेताची. तेच तीन सा समुद्रावरचे खारे वारे पाचव्या पायरीवर वाहत असताना म्हटले तर आठवी. हुकूम तोच आणि डहाळ्या मोडतात. म्हणून तेलूम बोलणारा आधी झाडाकडे बघतो आणि मग तोंड उघडतो. असं बघणं पात्राच्या सवयीत घाला.

किंमतही इथेच ठरते. वाऱ्याचा दाब वेगाच्या वर्गाने वाढतो. ताशी 15 किमीचा 45 झाला तर दाब नऊपट. हवा हलकी असते ही समजूतही सोडा: एका घनमीटर हवेचं वजन साधारण 1.2 किलो. 100 मीटर लांब, 100 मीटर रुंद वावरावरची 10 मीटर उंचीपर्यंतची हवा म्हणजे सुमारे 120 टन. ती हलली की तिच्या जागी कुठून तरी दुसरी येणार. शेजारच्या घराची दारं आपटणार, चुलीचा धूर उलटा फिरणार. हे परिणाम फुकटचे आहेत, वापरा.

दमाची मर्यादाही मोजून घ्या. निरोगी प्रौढ माणूस एका श्वासात साधारण 15 ते 25 सेकंद स्वर धरू शकतो. उफणणीला तर तासभर वारा हवा. मग दोघींनी आळीपाळीने गुणगुणायचं. पहिलीने ‘च्च’ करण्याआधी दुसरीने सूर धरायचा, पण तिने ‘ङा पा म्ऽऽऽ’ एवढंच म्हणायचं. सवयीने ‘सासासा’ही म्हटलं तर तिसऱ्या पायरीची सहावी होते आणि दाण्यासकट सगळं खळ्याबाहेर.

तपासा: तुमच्या प्रत्येक प्रसंगापुढे पायरीचा आकडा लिहा. सगळे आकडे 8 च्या वर असतील तर कथेत नुसती वादळंच आहेत, भाषेचं कसब कुठेच दिसत नाही.

## टप्पा 6: चुका मुद्दाम घडवून बघा

प्रत्येक ध्वनी कोणाच्या तोंडी कसा बिघडतो ते तपासा. भाषेची खरी परीक्षा हीच.

सर्दी. नाक चोंदलं की म चा ब आणि ङ चा ग होतो. तेलूममध्ये मग ‘ङा’ उघडतच नाही. काहीच घडत नाही. हे चांगलं आहे. बिघाड झाला तर चुकीचा वारा सुटण्यापेक्षा वारा न सुटणं बरं, या अंगाने चौकट बांधा.

लहान मूल. बोबड्या बोलात ‘काका’चं ‘ताता’ होतं. क म्हणजे पाठीमागे, त म्हणजे डावीकडे. पोराने मागे सोडायचा वारा डावीकडे जातो. तेलूम शिकवणारे क आणि त स्पष्ट होईपर्यंत मुलांना ङ शिकवत नाहीत.

पडलेले दात. समोरचे दात गेले की स ची धार फुटते. म्हाताऱ्या जाणत्याचा सलग वारा झोतासारखा येऊ लागतो. त्याने ‘सा’ सोडून ‘हा’ धरावा. उबदार वाऱ्याची ख्याती असलेले म्हातारे अशी एक प्रथाच त्यातून निघते.

परकी जीभ. ज्यांच्या भाषेत त आणि ट वेगळे नाहीत त्यांचं डावं-उजवं होणार.

प्रतिध्वनी. आवाज सेकंदाला सुमारे 340 मीटर जातो. समोर 170 मीटरवर कडा असेल तर हुकूम एका सेकंदाने परत येतो. रोख आवाजाच्या उगमापासून मोजला जातो, आणि परतलेल्या आवाजाचं ‘समोर’ म्हणजे तुम्ही. त्यातून ‘च्च’सारखे क्षणभराचे बारीक आवाज दुरून येताना आधी विरतात. म्हणजे परतलेला हुकूम उघडतो, तुमच्यावर येतो आणि तुटत नाही. सह्याद्रीसारख्या कड्याकपाऱ्यांच्या मुलखात या भाषेचे कायदे सपाट देशाहून कडक असणार.

वाऱ्यातला आवाज. वाऱ्याच्या दिशेने आवाज लांब जातो; वाऱ्याविरुद्ध तो वर वळतो आणि खालच्या माणसाला ऐकू येत नाही. त्यामुळे समोर सोडलेला वारा तुमच्याच पुढच्या हुकुमाची मजल वाढवतो, आणि अंगावर येणाऱ्या वादळाला थोपवणं सगळ्यात अवघड जातं. कॅनरी बेटांतल्या ला गोमेरावर दऱ्यांपलीकडे बोलायला शिट्ट्यांची भाषा वापरतात. शिट्टी काही किलोमीटर पोचते. तुमच्या जगात लांबच्या हुकुमासाठी शिट्टी हवी असेल तर ती वेगळी बोली म्हणून रचा, मूळ चौकटीत घुसडू नका.

## टप्पा 7: आता शब्द

चाळीस शब्दांपासून सुरुवात करा. त्यांतले निदान दहा नुसत्या वाऱ्याचे असू द्या. मराठीतच बघा: झुळूक वेगळी, वावटळ वेगळी, सोसाट्याचा वारा वेगळा, दिवसाचे खारे वारे आणि रात्रीचे मतलई वारे वेगळे, आणि वारा थांबत नाही, ‘पडतो’. वाऱ्यावर पोट असलेल्या लोकांकडे याहून बारीक शब्द असतील.

शिव्या आणि म्हणी चौकटीतून काढा. ‘च्च’ न करता निघून जाणारा तेलूममध्ये ‘उघडा’ ठरतो, आणि याहून वाईट शिवी नाही. दुसऱ्याचं गुणगुणणं राखणारी ती ‘सूरसखी’. असे चार शब्द शंभर कोरड्या शब्दांपेक्षा जास्त काम करतात.

## टप्पा 8: देवनागरीत, पानावर

इथे चार जागा अडतात.

ङ हा अक्षर बरेच वाचक ड वाचतात, टिंब दिसतच नाही. पहिल्यांदा येईल तिथे एखाद्या पात्राला तो शिकवा: जीभ मागे, तोंड उघडं, आवाज नाकात. एकदा शिकवला की वाचक पुढे विसरत नाही.

शब्दाच्या शेवटचा अ मराठीत गळतो. ‘तस’ लिहिलंत तर वाचक ‘तस्’ वाचणार. स्वर हवा असेल तर आ, ए, ई अशा न गळणाऱ्या स्वराने संपवा.

तोडणारा ‘च्च’ सोडला तर च आणि ज हुकुमात टाळा. ‘चार’ हा आकडा आणि गुरांना ‘चार’ यांतले च वेगळे, तसेच दुनिया या अर्थाचा ‘जग’ आणि जगण्यातला ‘जग’. लेखनात भेद दिसत नाही, आणि उच्चारावर जीव अवलंबून असलेल्या भाषेत हे चालणार नाही.

इ-ई, उ-ऊ यांच्या ऱ्हस्व-दीर्घावरही अर्थ टांगू नका. बोलताना तो भेद फारसा राहत नाही. लांबी दाखवायला अवग्रह वापरा, एका ऽ ला एक मात्रा, आणि सलग तीनपेक्षा जास्त नको.

हुकुमाचा अर्थ कंसात देऊ नका. पूर्ण हुकूम पहिल्यांदा अशा प्रसंगात आणा जिथे प्रत्येक भागाचा परिणाम वेगळा दिसेल: ङा म्हणताच हवा थबकते, पा म्हणताच समोरचं गवत झुकायला लागतं, आणि प्रत्येक सा गणिक ते आणखी वाकतं.

शेवटची तपासणी: सुरुवातीला ठरवलेल्या त्या माणसाला बोलवा. त्याला तीन प्रसंग वाचू द्या, मग कथेत न आलेला एक हुकूम कागदावर लिहून द्या: ‘ङा की रारा म्ऽऽ च्च’. काय होईल, विचारा. पाठीमागे, शेंड्यांवर, वावटळ, दोन पायऱ्या, थोडा वेळ, बंद. रोख आणि जात त्याने स्वतःहून ओळखली तर रचना उभी आहे. रोख चुकला तर दुसऱ्या भागाचा प्रसंग पुन्हा लिहा. जात चुकली तर तो ध्वनीच बदला, आणि पट्टी आणि आरसा घेऊन टप्पा 1 पासून बसा.